इंग्रजीतून शिकणे आणि इंग्रजी शिकणे : अभ्यासाच्या भाषेचा प्रश्न

मराठी माध्यमातून दहावी चांगल्या गुणांनी उत्तीर्ण झालेला विद्यार्थी अकरावी विज्ञानाच्या वर्गात जाऊन बसतो आणि पहिल्या चाचणीतच मागे पडतो, हा अनुभव आपल्या अनेक घरांना नवीन नाही. कोणी अभियांत्रिकीच्या पहिल्या वर्षात अडतो, तर कोणी नर्सिंगच्या अभ्यासक्रमात. घरची मंडळी म्हणतात, पोराचे लक्ष उडाले. शिक्षक म्हणतात, पाया कच्चा आहे. विद्यार्थी मात्र खाली मान घालून एवढेच सांगतो, "मला इंग्रजी येत नाही." मग वडील पदरमोड करून त्याला संभाषण-इंग्रजीच्या क्लासला घालतात. सहा महिन्यांनी तो दुकानदाराशी, पाहुण्यांशी चार वाक्ये इंग्रजीत बोलू लागतो. पण रसायनशास्त्राचे उत्तर त्याला पूर्वीइतकेच अवघड जाते. शेवटी तो शाखा बदलतो किंवा शिक्षणच सोडतो.

अशा विद्यार्थ्यांना शिकविताना आम्हाला जे दिसून आले आणि या विषयावर देशोदेशी जो अभ्यास झाला आहे, त्याच्या आधारे या प्रश्नाचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे. आमचे म्हणणे थोडक्यात असे की, बोलण्याची भाषा आणि अभ्यासाची भाषा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. अभ्यासाची भाषा आपोआप येत नाही, ती शिकवावी लागते. आणि ती शिकविण्याचे काम केवळ इंग्रजीच्या शिक्षकाचे नसून प्रत्येक विषयाच्या शिक्षकाचे आहे.

१. दोन प्रकारचे भाषाज्ञान

कॅनडातील भाषातज्ज्ञ जिम कमिन्स यांनी १९७९ साली हा भेद स्पष्टपणे मांडला. परदेशातून आलेली मुले शाळेच्या मैदानावर भराभर इंग्रजी बोलू लागतात, म्हणून शिक्षक समजतात की त्यांना भाषा आली. वर्गात मात्र तीच मुले मागे पडतात आणि त्यांच्यावर मंदबुद्धीचा शिक्का बसतो. कमिन्स यांच्या अभ्यासानुसार रोजच्या व्यवहाराचे इंग्रजी सुमारे २ वर्षांत येते; पण अभ्यासाच्या इंग्रजीत स्थानिक मुलांच्या बरोबरीला येण्यास साधारणपणे ५ ते ७ वर्षे लागतात. लक्षात घ्या, ही मुले अशा देशात राहत होती जेथे घराबाहेर पाऊल टाकताच इंग्रजी कानी पडते. आपल्या तालुक्याच्या गावातून आलेल्या मुलाला तेही वातावरण नाही. त्याने जूनमध्ये प्रवेश घ्यावा आणि दिवाळीपर्यंत सर्व काही समजून घ्यावे, ही अपेक्षा अन्यायाची आहे.

अमेरिकेत तर हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. सॅन फ्रान्सिस्को शहरातील शाळांत सुमारे १,८०० चिनी विद्यार्थ्यांना इंग्रजी येत नव्हते आणि त्यासाठी कोणतीही वेगळी मदतही मिळत नव्हती. १९७४ साली 'लाऊ विरुद्ध निकोल्स' या खटल्यात न्यायालयाने या विद्यार्थ्यांच्या बाजूने निर्णय दिला. सर्वांना तेच वर्ग, तीच पुस्तके आणि तेच शिक्षक दिले म्हणजे समान वागणूक झाली असे होत नाही. ज्याला शिकविण्याची भाषाच कळत नाही, त्याच्या पदरी शिक्षण पडतच नाही, असा या निर्णयाचा आशय आहे. वर्गाचे दार उघडे असणे आणि वर्गात चाललेले समजणे यांत किती अंतर असते, हे आपल्याला वेगळे सांगावयास नको.

आपल्याकडे महाराष्ट्रात २००० सालापासून इंग्रजी हा विषय पहिलीपासून सुरू झाला. 'नीट' ही प्रवेश परीक्षा २०१७ पासून आणि 'जेईई मेन' २०२१ पासून मराठीतूनही देता येते. या सोयी स्वागतार्ह आहेत. परंतु प्रवेश मिळाल्यानंतर बहुतेक ठिकाणी ग्रंथ, व्याख्याने आणि उत्तरपत्रिका इंग्रजीतच असतात. त्यामुळे अडचण टळत नाही, पुढे ढकलली जाते.

२. अभ्यासाची भाषा वेगळी कशी?

एक साधे उदाहरण घेऊ. आपण घरी म्हणतो, "वारा सुटला की कपडे लवकर वाळतात." हीच गोष्ट शाळेच्या पुस्तकात अशी येते : "वाऱ्याचा वेग वाढल्यास बाष्पीभवनाचा वेग वाढतो." आता इंग्रजी पाहा. बोलताना म्हणतील, "क्लोद्स ड्राय फास्टर व्हेन इट इज विंडी." पुस्तकात मात्र येईल, "अ‍ॅन इन्क्रीज इन विंड स्पीड कॉजेस अ‍ॅन इन्क्रीज इन द रेट ऑफ इव्हॅपरेशन."

या चार वाक्यांवरून दोन गोष्टी ध्यानात येतात. पहिली ही की, पुस्तकी वाक्यात क्रियापदांची नामे होतात. 'वाळतात' याचे 'बाष्पीभवन' झाले, 'ड्राय' याचे 'इव्हॅपरेशन' झाले. कपडे आणि ते वाळत घालणारी माणसे वाक्यातून नाहीशी झाली आणि प्रक्रियाच कर्त्याच्या जागी येऊन बसली. एम. ए. के. हॅलिडे यांच्यासारख्या भाषाशास्त्रज्ञांनी वैज्ञानिक इंग्रजीचे हे मोठे लक्षण मानले आहे. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. 'बाष्पीभवनाचा वेग वाढला' असे कोणीही अंगणात म्हणत नाही. शिकल्या-सवरल्या घरातही नाही. म्हणजे आपला विद्यार्थी घरच्या बोलीतून, मग ती वऱ्हाडी असो, अहिराणी असो की मराठवाड्याची असो, पुस्तकी मराठीत एकदा आलेलाच आहे. एक नदी त्याने पार केली आहे. दुसरीही त्याला पार करता येईल. फक्त उतार कोठे आहे ते कोणी तरी दाखविले पाहिजे.

मराठी आणि इंग्रजी वाक्यांच्या घडणीतही फरक आहे. आपण म्हणतो, "ज्या पदार्थातून वीज सहज वाहते, त्याला सुवाहक म्हणतात." 'ज्या' आणि 'त्याला' ही जोडी अर्थ स्पष्ट ठेवते. इंग्रजी वाक्य असे असते : "अ सबस्टन्स दॅट अलाउज इलेक्ट्रिसिटी टू फ्लो थ्रू इट ईझिली इज कॉल्ड अ कंडक्टर." येथे 'सबस्टन्स' वाक्याच्या आरंभी आणि 'इज कॉल्ड' शेवटाकडे; मध्ये लांबलचक तुकडा. विद्यार्थी जवळचा शब्द धरतो आणि वीजेलाच सुवाहक समजून बसतो. त्याला सुवाहक म्हणजे काय हे ठाऊक असते, तरीही तो चुकतो. अशा वेळी चूक विज्ञानाची आहे की वाक्य वाचण्याची, हे शिक्षकाने ओळखले पाहिजे.

३. शब्दांचे तीन गट

विद्यार्थी म्हणतात, "शब्द फार अवघड आहेत." पण सगळेच शब्द सारखे अवघड नसतात. त्यांचे तीन गट पाडता येतील.

पहिला गट रोजच्या शब्दांचा : वॉटर, हाउस, गो, बिग. हे बहुतेकांना येतात. दुसरा गट विषयाच्या संज्ञांचा : ऑस्मोसिस, व्हेलॉसिटी, डेन्सिटी. हे कठीण दिसतात, परंतु शिक्षक ते फळ्यावर लिहून समजावून सांगतात. शिवाय परासरण, वेग, घनता हे मराठी प्रतिशब्द विद्यार्थ्याला आधीच ठाऊक असतात.

खरी अडचण तिसऱ्या, मधल्या गटाची आहे. अझ्यूम, इंडिकेट, डिराइव्ह, व्हेरी, सिग्निफिकंट, फॅक्टर, रिक्वायर हे शब्द प्रत्येक विषयात येतात, पण ते कोणत्याच विषयाच्या तासाला शिकविले जात नाहीत. विज्ञानाचा शिक्षक म्हणतो हे इंग्रजीचे काम. इंग्रजीचा शिक्षक धडे आणि कविता संपविण्याच्या घाईत असतो. न्यूझीलंडमधील संशोधक अ‍ॅव्हरिल कॉक्सहेड यांनी २००० साली सुमारे ३५ लाख शब्दांच्या अभ्यासविषयक मजकुराची छाननी करून अशा शब्दांची यादी प्रसिद्ध केली. तीत ५७० शब्दकुळे आहेत आणि अभ्यासाच्या पुस्तकांतील सुमारे १० टक्के शब्द याच यादीतील असतात. रोज ५ शब्दकुळे घेतली तर ११४ दिवसांत यादी पुरी होते. एवढे काम एका शैक्षणिक वर्षात होण्यासारखे आहे.

शब्द घेताना त्याचे सर्व कुळ घ्यावे. अ‍ॅनलाइझ म्हणजे विश्लेषण करणे, अ‍ॅनॅलिसिस म्हणजे विश्लेषण, अ‍ॅनॅलिटिकल म्हणजे विश्लेषणात्मक. तसेच ओळखीचा शब्द नव्या अर्थाने येतो तेथे विशेष सावध राहावे. 'सोल्यूशन' म्हणजे गणितात उकल, रसायनशास्त्रात द्रावण. 'पॉवर' म्हणजे भौतिकशास्त्रात शक्ती, बीजगणितात घात. 'टेबल' म्हणजे मेज, पण प्रयोगवहीत तक्ता. 'सिन्स' म्हणजे कधी 'पासून', तर कधी 'ज्याअर्थी'.

प्रश्नपत्रिकेतील आज्ञार्थी शब्दही याच गटातले. डिफाइन म्हणजे व्याख्या द्या, डिस्टिंग्विश म्हणजे फरक स्पष्ट करा, जस्टिफाय म्हणजे समर्थन करा, डिराइव्ह म्हणजे सूत्र मिळवा. 'जस्टिफाय' विचारले असता व्याख्या लिहून आलेले हुशार विद्यार्थी आम्ही पाहिले आहेत. हे शब्द मोजकेच आहेत. त्यांचा तक्ता प्रत्येक अभ्यासिकेच्या भिंतीवर असावा.

४. लेखन कसे शिकवावे?

आपल्याकडे लेखन शिकविले जात नाही, ते फक्त तपासले जाते. प्रश्न दिला, विद्यार्थ्याने उत्तर लिहिले, शिक्षकाने लाल रेघा मारल्या, संपले. विद्यार्थी मग गाईडमधील उत्तरे पाठ करतो. पाठ केलेल्या उत्तरात एक शब्द विसरला की पुढचे सगळे कोसळते, आणि प्रश्न थोडा फिरवून विचारला की काहीच सुचत नाही.

ऑस्ट्रेलियात सिडनी शहरातील गरीब वस्त्यांच्या शाळांत १९८० च्या दशकात याविषयी मोलाचे काम झाले. जे. आर. मार्टिन आणि जोन रॉथरी यांनी मुलांचे शाळेतील लेखन तपासले. त्यांना आढळले की, मुलांकडून बहुधा अनुभव आणि गोष्टीच लिहून घेतल्या जातात. पुढच्या इयत्तांत लागणारे वर्णन, स्पष्टीकरण आणि युक्तिवाद यांचे लेखन त्यांना कोणी शिकवीत नाही. ज्यांच्या घरी पुस्तके आहेत ती मुले ते घरून उचलतात, बाकीची मागे राहतात. यावर त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी तीन पायऱ्यांची पद्धत बसविली : प्रथम चांगला नमुना उलगडून दाखविणे, नंतर शिक्षक आणि वर्ग यांनी मिळून लिहिणे, आणि शेवटी विद्यार्थ्याने स्वतंत्र लिहिणे.

या पद्धतीने एका आठवड्याचा पाठ कसा घेता येईल ते पाहू. प्रश्न आपल्या ओळखीचा आहे : "शास्त्रीय कारण द्या. धारदार सुरी बोथट सुरीपेक्षा चांगली कापते."

पहिला दिवस. चर्चा मराठीतच करावी. भाजी कोणत्या सुरीने लवकर चिरली जाते? का? दाब म्हणजे एकक क्षेत्रफळावरील बल, हे सूत्र विद्यार्थ्यांकडूनच काढून घ्यावे. विषय पक्का समजल्याशिवाय लेखणी उचलू नये.

दुसरा दिवस. शिक्षकाने इंग्रजी उत्तराचा नमुना फळ्यावर लिहावा आणि त्याचे चार भाग दाखवावेत : तत्त्व, या उदाहरणातील परिस्थिती, परिणाम आणि निष्कर्ष. प्रत्येक भाग कोणत्या शब्दांनी सुरू होतो ते अधोरेखित करावे : 'प्रेशर डिपेंड्स ऑन', 'इन अ शार्प नाइफ, द एरिया ऑफ कॉन्टॅक्ट इज', 'अ‍ॅज अ रिझल्ट', 'देअरफोर'.

तिसरा दिवस. फळा पुसून तेच उत्तर सर्वांनी मिळून पुन्हा रचावे. विद्यार्थी सांगतील, शिक्षक लिहील. कोणी "सुरी पातळ असते" असे मराठीत सांगितले तरी ते घ्यावे आणि त्याचे इंग्रजी वर्गाकडून करून घ्यावे.

चौथा दिवस. नवा प्रश्न द्यावा : "दप्तराचे पट्टे रुंद का असतात?" तत्त्व तेच, परिस्थिती उलटी. क्षेत्रफळ वाढते, म्हणून दाब कमी होतो. चारही भागांचे आरंभीचे शब्द ज्यांना लागतील त्यांना द्यावेत, बाकीचे प्रत्येकाने स्वतः लिहावे. येथे पाठांतराचा उपयोग होत नाही. विद्यार्थ्याला विचार करूनच लिहावे लागते.

पाचवा दिवस. तपासणी. प्रथम विचार तपासावा, नंतर भाषा. सर्व चुकांवर लाल शाई ओतू नये. एका वेळी एकच प्रकार घ्यावा. उदाहरणार्थ, 'अ', 'अ‍ॅन' आणि 'द' यांचा वापर, कारण मराठीत असे शब्दच नाहीत. त्यानंतर उत्तर पुन्हा लिहून घ्यावे. पुन्हा न लिहिलेली दुरुस्ती लक्षात राहत नाही.

डेव्हिड वुड, जेरोम ब्रूनर आणि गेल रॉस यांनी १९७६ साली अशा मदतीला परांचीची उपमा दिली. इमारत उभी राहीपर्यंत परांची लागते. भिंत पक्की झाली की ती काढून घ्यावी लागते. वाक्यांचे दिलेले आरंभ ही परांची होय. ती वर्षभर ठेवली तर विद्यार्थी परावलंबी होतो, आणि पहिल्याच दिवशी काढली तर तो पडतो.

५. कमी खर्चाचे दोन उपाय

पहिला, रोज एक वाक्य. अमेरिकेतील बर्कली विद्यापीठाच्या लिली वाँग फिलमोर यांनी ही रीत पुरस्कारली. पाठ्यपुस्तकातील एकच अवघड वाक्य घ्यावे, त्याचे तुकडे करावेत आणि विचारावे : हे कोणाविषयी आहे? काय घडले? हा तुकडा कोणत्या शब्दाला जोडलेला आहे? वर दिलेले सुवाहकाचे वाक्य यासाठी उत्तम. दररोज पंधरा मिनिटे पुरतात. फळा आणि खडू याशिवाय काही लागत नाही.

दुसरा, ऐकून पुन्हा रचणे. रूथ वाइनरिब यांच्या १९९० च्या पुस्तकाने ही रीत प्रसिद्धीस आणली. शिक्षकाने चार-पाच वाक्यांचा उतारा नेहमीच्या गतीने दोनदा वाचावा. विद्यार्थ्यांनी फक्त महत्त्वाचे शब्द टिपावेत. मग तिघा-चौघांच्या गटाने तो उतारा आपल्या भाषेत पुन्हा लिहावा आणि मूळ उताऱ्याशी ताडून पाहावा. ऐकणे, टिपण काढणे, व्याकरण आणि लेखन यांचा सराव एकाच तासात होतो. महाविद्यालयात व्याख्यान चालू असताना टिपणे घेता न येणे ही मोठी अडचण असते, तीही याने कमी होते.

कला आणि समाजशास्त्र शाखेच्या विद्यार्थ्यांसाठी एक सूचना. तेथे मत, कारण आणि पुरावा यांची साखळी तपासली जाते. शिवाय खात्रीची पायरी शब्दांतून दाखवावी लागते. 'प्रूव्ह्ज' म्हणजे सिद्ध करते, 'सजेस्ट्स' म्हणजे सुचविते, 'मे' म्हणजे असू शकेल. मराठीत आपण 'आहे', 'दिसते', 'असावे' असा भेद करतोच. तोच भेद इंग्रजीत नेमका कसा करावा हे दाखविले की विद्यार्थ्याचे लेखन जबाबदार होते.

६. काही शंका

वर्गात मराठी वापरल्याने इंग्रजी बिघडेल, असे काही जण म्हणतात. कमिन्स यांचे मत याच्या उलट आहे. दोन भाषा वरून वेगळ्या दिसल्या तरी त्यांच्या तळाशी आकलनाची शक्ती एकच असते. ज्याला घनता मराठीत समजली, त्याला 'डेन्सिटी' हे केवळ नवे नाव शिकावयाचे असते. म्हणून समजून घेण्यासाठी मराठी आणि मांडण्यासाठी इंग्रजी, अशी वाटणी करावी. मात्र सगळा तास मराठीत आणि परीक्षा इंग्रजीत असे झाल्यास विद्यार्थ्याला लिहिण्याचा सराव मिळत नाही, हेही तितकेच खरे.

दुसरी शंका पालकांची असते : मग मुलाला बालवाडीपासूनच इंग्रजी शाळेत घालावे काय? तो निर्णय प्रत्येक कुटुंबाने करावा. परंतु ज्या शाळेत शिक्षकालाच अभ्यासाची भाषा शिकविता येत नाही, तेथे पाटी इंग्रजी असूनही मूल पाठांतरच करते आणि मराठीतील वाचनही त्याला धड येत नाही. शाळेचे माध्यम विचारताना, तेथे मुले स्वतःच्या शब्दांत लिहितात काय, हेही विचारावे.

तिसरी शंका आजच्या काळातील. आता मोबाइलवर क्षणात भाषांतर मिळते, मग एवढे कष्ट कशाला? भाषांतराची ही साधने उपयोगी आहेत, परंतु परीक्षेच्या दालनात आणि रुग्णाच्या खाटेपाशी आपले डोकेच कामी येते. आमची सूचना अशी की, प्रथम स्वतः लिहावे, नंतर यंत्राचे वाक्य पाहावे, आणि दोहोंत फरक का पडला याचा शोध घ्यावा. अशा रीतीने यंत्र शिक्षक होते. नुसते उतरवून घेतल्यास ते कुबडी होते.

७. आपण काय करावे?

विद्यार्थी मित्रांनो, 'मला इंग्रजी येत नाही' हे वाक्य सोडून द्या. त्याऐवजी नेमके काय येत नाही ते लिहून काढा : शब्द, लांब वाक्य, की उत्तराची मांडणी? अडचणीला नाव मिळाले की उपाय सापडतो. प्रत्येक विषयासाठी एक शब्दवही ठेवा आणि रोज एक परिच्छेद स्वतःचा लिहा.

शिक्षक बंधू-भगिनींनो, आपल्या विषयाच्या तासातील दहा मिनिटे भाषेला द्या. उत्तर तपासण्याआधी एकदा तरी विद्यार्थ्यांसमोर स्वतः उत्तर रचून दाखवा.

समाजातील सुशिक्षित बांधवांनो, आपण याच वाटेने गेलेले आहात. अकरावीच्या त्या पहिल्या महिन्यांत आपल्याला कोणी तरी हात दिला म्हणून आपण पुढे गेलो, किंवा हात मिळाला नाही म्हणून काही वर्षे गमावली. वस्तीतील अभ्यासिकेत आठवड्यातून दोन तास देण्यास मोठी देणगी लागत नाही. दहावीची परीक्षा संपल्यापासून अकरावीचे वर्ग सुरू होईपर्यंतचा काळ या कामासाठी सर्वांत योग्य. त्या काळात शंभर शब्दकुळे, प्रश्नपत्रिकेतील आज्ञार्थी शब्द आणि चार भागांचे उत्तर एवढी तयारी झाली तरी विद्यार्थी वर्गात ताठ मानेने बसेल.

ज्ञान त्याच्याजवळ आहे, जिद्दही आहे. ते कागदावर उतरविण्याची भाषा त्याच्या हाती देणे हे आपले काम आहे, आणि येत्या सुट्टीपासून ते सुरू करता येण्यासारखे आहे.